मयूराचे नाव, मयूराची केका

राज्यशास्त्राच्या तासाला रूसो भेटतो, तेव्हा सामाजिक करार आणि सामूहिक ईहा यांच्या धांदलीत त्याच्या नावाकडे कोणाचे फारसे लक्ष जात नाही. ज्याँ-जाक रूसो. यातल्या ज्याँ आणि जाक या दोन नावांमध्ये एक छोटी आडवी रेघ असते. फ्रेंच लोकांत मुलाला अशी दोन नावे सांधून देण्याची जुनी चाल आहे. कागदावर ती दोन दिसली, तरी मिळून नाव एकच. ज्याँ हे मूळ हिब्रू भाषेतल्या योहानान या नावाचे फ्रेंच रूप. ईश्वराने कृपा केली, असा त्याचा अर्थ. जाक म्हणजे बायबलमधला याकोब. हा याकोब आपल्या जुळ्या भावाची टाच धरून जन्माला आला अशी कथा आहे, म्हणून त्याच्या नावाचा संबंध टाचेशी लावतात. १७१२ साली जिनीव्हात जन्मलेल्या या मुलाच्या वाट्याला अशी ईश्वराची कृपा आणि भावाची टाच एका रेघेने जोडून आली.

फ्रान्समध्ये १८०३ साली कायदाच झाला की, मुलांची नावे निरनिराळ्या पंचांगांतून म्हणजे बहुधा संतांच्या नावांतून, नाहीतर प्राचीन इतिहासातल्या व्यक्तींच्या नावांतून घ्यावीत. ही बंधने पुढे हळूहळू सैल झाली आणि १९९३ च्या कायद्याने आईवडिलांना नावाची मोकळीक मिळाली. आपल्याकडे असा कायदा कधी नव्हता. पण बारशाच्या दिवशी राशीचे अक्षर, कुळाचे दैवत, गेलेल्या आजोबांची आठवण आणि आत्याबाईंचा हट्ट यांतून वाट काढत जे नाव पाळण्यात पोचते, त्यालाही वारसा असतोच. आपल्या नावांत ती आडवी रेघ मात्र दिसत नाही.

मी इंदापूर तालुक्यातली. आमच्या इंदापूरच्या मातीत मालोजीराजे भोसले लढाईत पडले. नगरच्या शाह शरीफ या पिराला त्यांच्या घरातून नवस झाला, आणि झालेल्या दोन मुलांची नावे त्या पिरावरून शहाजी आणि शरीफजी अशी ठेवली, असे बखरी सांगतात. एका पिराचे नाव दोन भावांत वाटले गेले. त्यांतल्या एका भावाच्या पोटी पुढे शिवाजी महाराज जन्मले. फ्रेंचांनी दोन नावांचे एक केले, भोसल्यांनी एकाचे दोन केले. दोन्हीकडे भावना एकच असावी, की मूल एकट्याने जगात येऊ नये, त्याच्यामागे कोणीतरी उभे असावे.

पण मला आज लिहायचे आहे ते बारामतीच्या एका नावाविषयी. मोरोपंत. माझ्या आजोबांना मोरोपंतांच्या कितीतरी आर्या पाठ होत्या. शाळा त्यांना फारशी लाभली नव्हती. त्या त्यांनी कीर्तनात ऐकून पाठ केल्या होत्या. आमच्या पिढीला मोरोपंत हे नाव ठाऊक आहे, परीक्षेत त्यांच्यावर टीपही लिहिता येते, पण आर्या म्हणता येत नाही. नाव उरले आणि कवी गेला, असे बारामतीच्या या कवीचे होऊ नये, म्हणून त्या नावाच्याच वाटेने मी त्यांच्यापर्यंत जाऊ पाहते.

त्यांचे पूर्ण नाव मोरेश्वर रामचंद्र पराडकर. घराणे मूळचे कोकणातल्या सौंदळचे, जन्म १७२९ सालचा, पन्हाळगडावर. मोरेश्वर म्हणजे मोरगावचा गणपती. सिंधू दैत्याला मारताना गणपती मोरावर बसला, म्हणून तो मयूरेश्वर, आणि लोकांच्या तोंडी मोरेश्वर, मोरया. बोलण्यात मोरेश्वराचे मोरो झाले. पंत हा शब्द पंडित या शब्दाचे झिजून उरलेले रूप मानतात. देवाचा मोर आणि विद्येचा पंडित असे दोन तुकडे एकत्र येऊन मोरोपंत हे नाव घडले. हे नाव काही त्यांच्या एकट्याचे नव्हते. शिवछत्रपतींचे पेशवे मोरोपंत पिंगळे, झाशीच्या राणीचे वडील मोरोपंत तांबे. तलवार, दप्तर आणि लेखणी अशा तिन्ही ठिकाणी हे नाव वावरले आहे.

आता योगायोग पाहा. पन्हाळ्यावर जन्मलेल्या या मुलाला ज्या गावच्या देवाचे नाव मिळाले, ते मोरगाव आहे कऱ्हेच्या काठी, आजच्या बारामती तालुक्यात. आणि त्याचे आयुष्य गेले तेही कऱ्हेच्याच काठी, मोरगावाहून सुमारे ३५ किलोमीटरवर, खालच्या अंगाला. ज्या पाण्याने मोरेश्वराचे पाय धुतले, तेच पुढे मोरोपंतांच्या स्नानसंध्येला आले. ही कऱ्हा पुढे नीरेला मिळते, नीरा आमच्या तालुक्यातल्या नरसिंहपुराशी भीमेला मिळते, आणि भीमा पंढरीला जाते.

पन्हाळ्यावर केशव पाध्ये आणि गणेश पाध्ये या बंधूंपाशी त्यांचे संस्कृताचे अध्ययन झाले. काव्य, व्याकरण, अलंकारशास्त्र, पुराणे या साऱ्यांत मुरलेली ती विद्या होती. १७५२ च्या सुमारास, पंचविशीच्या आतच, ते बारामतीला आले. बारामतीचे बाबूजी नाईक हे मोठे सावकार, पेशव्यांचे सोयरे आणि पेशव्यांशी प्रसंगी उभा दावा धरणारे. त्यांचा वाडा कऱ्हेच्या काठावर. या नाइकांच्या आश्रयाने मोरोपंत पुराणिक म्हणून राहिले. पोथी सांगावी, लिहावे, शिकवावे, असा चाळीसएक वर्षांचा त्यांचा दिनक्रम. तिकडे पानिपत झाले, पेशवे बदलले, बारभाईंचे कारस्थान झाले, इंग्रजांशी लढाई झाली. इकडे कऱ्हेकाठी एक माणूस मात्रा मोजत बसला होता. काहींना हे पळून जाणे वाटेल. मला तसे वाटत नाही. ज्या काळात राज्ये हातची जात होती, त्या काळात महाभारत मराठीच्या पदरात घालून ठेवणे हेही एक राखणच होते.

त्यांचे आर्याभारत सतरा हजारांच्या आसपास आर्यांचे आहे. सगळी रचना मोजली तर पाऊण लाखाच्या घरात जाते असे मानतात. आर्या म्हणतात खरे, पण त्यांतल्या बहुतेक वृत्तशास्त्राच्या हिशेबाने गीती आहेत. पहिल्या चरणात बारा मात्रा, दुसऱ्यात अठरा. पुन्हा बारा, पुन्हा अठरा. या मोजक्या जागेत भीष्म, द्रोण, कर्ण बोलतात, रुसतात, मरतात. कीर्तनकाराला अशी दोन ओळींत पुरी होणारी वस्तू फार सोयीची. तो ती झांजेच्या ठेक्यावर म्हणतो, थांबतो, अर्थ सोडवतो आणि कथा पुढे नेतो. सोलापूरचे शाहीर राम जोशी यांना मोरोपंतांच्या सहवासाने कीर्तनाकडे वळवले असे परंपरा सांगते. राम जोशांनी आर्या कीर्तनातून गाइल्या आणि पंडिताची कविता निरक्षर श्रोत्याच्या कानापर्यंत पोचली. माझ्या आजोबांपर्यंत ती याच वाटेने आली.

मोरोपंतांवरचा मोठा आक्षेप कसरतीचा. त्यांनी १०८ रामायणे रचली अशी त्यांची ख्याती आहे, आणि त्यांतल्या अनेकांत अक्षरांचे खेळ आहेत. एका रामायणात त्रयोदशाक्षरी राममंत्राची अक्षरे क्रमाने गुंफली आहेत. परंतु रामायणात प, रं, तु ही अक्षरे ओवली आहेत. निरोष्ठ रामायणात ओठांना ओठ लावून उच्चारायची अक्षरे नाहीत. याला कविता म्हणायचे की कोडे, असा प्रश्न विचारणाऱ्याला मी दोष देणार नाही. नव्या शिक्षणात वाढलेल्या अनेकांना तो पडला. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी निबंधमालेत मोरोपंतांची बाजू हिरिरीने मांडली. लक्ष्मण रामचंद्र पांगारकरांनी १९०८ साली त्यांचे मोठे चरित्र आणि काव्यविवेचन प्रसिद्ध केले. तरीही मोरोपंत म्हणजे क्लिष्ट, हा शिक्का गेला नाही.

मी या खेळांकडे नावाच्या बाजूने पाहते, आणि मग ते मला कोरडे वाटत नाहीत. राममंत्राच्या रामायणात नाव कवितेच्या अंगात विणले आहे. ऐकणाऱ्याला ते वेगळे कळणार नाही, पण ते तिथे आहे. कापडात आडवा धागा असतो तसे. निरोष्ठ रामायणात तर याच्या उलट झाले आहे. ओठ मिटल्यावाचून म म्हणता येत नाही. म्हणजे राम हे नावच त्या रामायणात घेता येत नाही! ज्याची कथा, त्याचेच नाव ओठांवर आणायचे नाही. दुसऱ्या शब्दांनी त्याला सुचवत राहायचे. आपल्याकडच्या बायका उखाण्याचा प्रसंग सोडला तर नवऱ्याचे नाव घेत नसत, आडवळणाने त्याचा उल्लेख करत. तसेच काहीसे हे नाते आहे. आणि गंमत अशी की, म वगळल्यावर मयूर, मोरेश्वर, मोरोपंत ही कवीची स्वतःची नावेही त्या रामायणाच्या बाहेरच राहतात.

राम हे नाव मोरोपंतांना दुसऱ्याही वाटेने जवळचे होते. त्यांच्या वडिलांचे नाव रामचंद्र. आपली मधल्या नावाची रीत म्हणजे मला ती न दिसणारी आडवी रेघच वाटते. मोरेश्वर आणि रामचंद्र, गणपती आणि राम, मुलगा आणि बाप. वडिलांचे नाव राम म्हणून त्यांनी इतकी रामायणे लिहिली, असे मी म्हणणार नाही. तसे म्हणायला आधार नाही. पण माणूस जन्मभर आपले पूर्ण नाव सांगत असतो, आणि या माणसाने दर वेळी ते सांगताना आपल्या दैवताचेही नाव घेतले. संतांविषयीही त्यांना हीच ओढ होती. सन्मणिमाला या रचनेत त्यांनी संतांची नावे मण्यांसारखी ओवली आहेत. पंडिताने संतांपुढे मान तुकवली ती नावे उच्चारून. आज तुकोबांची पालखी बारामतीवरून सणसर, निमगाव केतकी असे मुक्काम करीत इंदापुराला येते, तेव्हा त्या माळेतला एक मणी आमच्या दारावरून जातो असे मला वाटते.

इतकी वर्षे दुसऱ्यांची नावे गुंफल्यावर उतारवयात मोरोपंतांनी आपले नाव हाती घेतले. पण कसे, ते पाहण्यासारखे आहे. काव्यात ते स्वतःला मयूर म्हणवीत. मोराच्या ओरडण्याला संस्कृतात केका म्हणतात. अशा केकांची ओळ ती केकावली. सव्वाशेच्या आसपास श्लोकांचे हे काव्य पृथ्वी वृत्तात आहे. सतरा अक्षरांचा चरण, आठव्या अक्षरावर यती. इथे ना पांडवांची कथा आहे, ना अक्षरांचे कोडे. एक म्हातारा माणूस देवापुढे उभा आहे. तो आळवतो, भांडतो, आपले दोष मोजून दाखवतो, पूर्वी ज्यांना तारले त्यांचे दाखले देतो आणि मग मीच का उरलो असे विचारतो. सज्जनांची संगत मिळावी, बुद्धी मळू नये, अभिमान गळावा, असे साधे मागणे मागतो. अख्खे महाभारत ज्याने मराठीत आणले, तो शेवटी आपल्या बोलण्याला काव्य म्हणत नाही, पक्ष्याची हाक म्हणतो. मोर ओरडतो तो आभाळात मेघ दिसला म्हणजे. मेघ बरसेल की नाही हे त्याच्या हाती नसते.

मला या ठिकाणी मोरोपंत फार मोठे वाटतात. नावातला पंत म्हणजे पंडित त्यांनी बाजूला ठेवला आणि मोर तेवढा ठेवला. ज्या विद्येवर त्यांचा चरितार्थ आणि मानमरातब उभा होता, तिचे नाव न सांगता आईबापांनी पाळण्यात दिलेले नाव त्यांनी सांगितले. ज्याँ या नावाचा अर्थ ईश्वराने कृपा केली. मयूराच्या केकेचा अर्थ ईश्वरा, कृपा कर. रूसो आणि मोरोपंत एकाच शतकातले. एकाला दुसऱ्याचे नाव ऐकूनही ठाऊक नसणार. रूसो १७७८ साली गेला. त्याने माणसांना त्यांच्या हक्काची आठवण दिली. याने माणसाच्या उणिवेची. मला दोन्ही आठवणी हव्याशा वाटतात.

१७९४ साली चैत्री पौर्णिमेला मोरोपंतांनी बारामतीत देह ठेवला. त्याला आता सव्वादोनशेहून अधिक वर्षे झाली. नाइकांची सावकारी इतिहासजमा झाली, पेशवाई १८१८ साली संपली. आज बारामती म्हटले की लोकांना साखर कारखाने, कालवे आणि निवडणुका आठवतात, आणि त्यात वावगे काही नाही. पण या गावात एका माणसाने चाळीस वर्षे मराठीची मात्रा न् मात्रा तोलून पाहिली, हेही याच गावचे पीक आहे.

म्हणून माझ्या बरोबरीच्या मित्रमैत्रिणींना माझे एवढेच सांगणे आहे. आपल्या ग्रंथालयात केकावली आहे. ती टीपेसाठी उघडू नका. कोणी जवळ नसताना दहा श्लोक मोठ्याने म्हणा, आठव्या अक्षराला थांबत. अर्थ पहिल्या वेळी कळणार नाही. टीका पाहा, पुन्हा म्हणा. तिसऱ्या वेळी शब्दांच्या आतून कोणीतरी हाक मारताना ऐकू येते. मी तीन श्लोक पाठ केले आहेत. चौथा चालू आहे.