दादासाहेब फाळके : निर्माता आणि विक्रेता

धुंडिराज गोविंद फाळके हे नाव सामान्यज्ञानाच्या परीक्षेत हमखास येते. ‘राजा हरिश्चंद्र’, १९१३, असे लिहिले की एक गुण पदरात पडतो. पण त्या चित्रपटाला पैसा कोठून आला व तयार झाल्यावर तो लोकांपर्यंत कोणी नेला, हे कोणी विचारीत नाही. मला मात्र तेच अधिक महत्त्वाचे वाटते.

त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरास झाला. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे ते शिकले. गोध्र्याला छायाचित्रांचा धंदा मांडला, तोच प्लेगने पहिली पत्नी व मूल हिरावून नेले. पुढे पुरातत्त्व खात्यातील नोकरी सोडली, छापखाना काढला, तोही भागीदारांशी न पटल्याने सुटला. चाळिशी उलटली तेव्हा हाती काही नव्हते. त्याच सुमारास त्यांनी मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला, आणि पडद्यावर आपले राम-कृष्ण दिसावेत या ध्यासाने ते झपाटले.

ध्यासाने पोट भरत नाही. विम्याच्या पॉलिस्या गहाण टाकून ते १९१२ साली लंडनला गेले व कॅमेरा घेऊन आले. कर्ज देणाऱ्याची खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीतल्या वाटाण्याला फुटणाऱ्या कोंबाचे चित्रण करून दाखविले. मला ही युक्ती फार आवडते. सावकाराला याहून चांगले तारण कोणते दाखविणार? सरस्वतीबाईंनी दागिने दिले. एवढेच नव्हे, कच्च्या फिल्मला भोके पाडण्यापासून साठसत्तर माणसांच्या स्वयंपाकापर्यंत सारे त्या माउलीने केले. पहिला निर्माता म्हणताना दुसरे नाव त्यांचे घ्यावे, असे माझे प्रामाणिक मत आहे. काम करायला स्त्री मिळेना, तेव्हा हॉटेलात काम करणारा साळुंके तारामती झाला.

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात चित्रपट लागला. देशी चित्रपटाच्या वितरणाचा धंदा तेव्हा बसलेला नव्हता. आज आपला विदर्भ ‘सी. पी. बेरार’ विभागात मोडतो आणि वितरकांच्या कचेऱ्या अमरावतीत असत, हे सक्करदऱ्यात सिनेमावर तासन्‌तास बोलणाऱ्या आम्हा मित्रांनाही ठाऊक नव्हते. फाळक्यांना तर खेळाची जाहिरातही स्वतःच करावी लागे. सुरतेला पहिल्या दिवशी अवघे तीन रुपये जमले, तेव्हा त्यांनी सत्तावन्न हजार छायाचित्रे आणि दोन मैल लांबीचे चित्र अशी जाहिरात केली, आणि गर्दी लोटली, असे सांगतात. गिऱ्हाईक ओळखणारा माणूस!

१९१४ साली लंडनला त्यांनी आपले चित्रपट दाखविले, तेथे राहून काम करण्याचे निमंत्रणही आले. पण ते परतले. इतक्यात महायुद्ध पेटले व सावकारांनी हात आखडला. १९१७ च्या ‘लंकादहन’ने कसर भरून काढली. त्यात राम व सीता दोन्ही साळुंकेच! तिकिटांची नाणी पोत्यांत भरून बैलगाडीने नेली, अशी आख्यायिका आहे.

येथेच खरा पेच आला. १९१८ च्या आरंभी पाच भागीदारांसह ‘हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी’ नाशकात स्थापन झाली. पैशाची विवंचना मिटली, पण खर्चावरून खटके उडू लागले. ‘कालियामर्दन’मध्ये स्वतःच्या मंदाकिनीला कृष्ण करणारा हा मनस्वी माणूस हिशेबाच्या वहीत मावेना. ते कंपनी सोडून काशीला गेले, ‘रंगभूमी’ नाटक लिहिले. १९२२ साली परतले ते मात्र त्याच कंपनीत, पगारी नोकर म्हणून. भागीदारांचा दोष किती? त्यांनीही पैसा ओतलाच होता. तरी जो स्वतः विकत होता, त्याला आता दुसऱ्याच्या हुकमाने चित्रे काढावी लागली, हे मला सलते.

बोलपट आले आणि ते मागे पडले. कोल्हापूर सिनेटोनसाठी काढलेला, १९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा एकमेव बोलपट, आणि अखेरचाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावाचा सरकारी पुरस्कार सुरू व्हायला १९६९ साल उजाडले.