लुडविग कॉख

लुडविग कॉख (१३ नोव्हेंबर १८८१ – ४ मे १९७४) हे जर्मनीत जन्मलेले व पुढे ब्रिटनमध्ये स्थायिक झालेले ध्वनिमुद्रक होते. पक्ष्यांच्या आवाजांच्या मुद्रणाचे ते एक आद्य प्रवर्तक मानले जातात. बीबीसीच्या निसर्गविषयक ध्वनिसंग्रहाचा पाया त्यांच्या मुद्रणांवर रचला गेला.

पूर्वायुष्य

कॉख यांचा जन्म फ्रांकफुर्ट येथील ज्यू कुटुंबात झाला. वडिलांनी दिलेल्या एडिसन फोनोग्राफवर त्यांनी १८८९ मध्ये, वयाच्या आठव्या वर्षी, घरी पाळलेल्या श्यामा पक्ष्याचे गाणे मेणाच्या नळकांड्यावर मुद्रित केले. पक्ष्याच्या आवाजाचे हे सर्वांत जुने ज्ञात मुद्रण समजले जाते. (श्यामा सह्याद्रीच्या जंगलांतही आढळतो.) तरुणपणी ते मैफलींत गात असत; पहिल्या महायुद्धाने ती कारकीर्द संपली. १९२८ पासून एका ग्रामोफोन कंपनीत काम करताना त्यांनी पुस्तकासोबत तबकड्या जोडलेली ध्वनिपुस्तके प्रसिद्ध केली.

स्थलांतर व कार्य

नाझी राजवटीमुळे १९३६ मध्ये कॉख यांना जर्मनी सोडून इंग्लंडला जावे लागले. जर्मनीत केलेल्या कामाचा मोठा भाग मागेच राहिला आणि पन्नाशी उलटल्यावर त्यांना नव्याने आरंभ करावा लागला. त्याच वर्षी मॅक्स निकल्सन यांच्यासह त्यांचे इंग्लंडमधील पहिले ध्वनिपुस्तक निघाले. १९३८ मध्ये ज्युलियन हक्सली यांच्यासह प्राण्यांच्या भाषेवरील पुस्तक आले. तबकडीवर मुद्रण करणारी अवजड यंत्रे गाडीत ठेवून मायक्रोफोनची लांबलचक तार झाडीत न्यावी लागे. मोटारीचा किंवा कुत्र्याचा आवाज मध्येच आला की तबकडी वाया जाई.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ते बीबीसीत दाखल झाले. जर्मन धाटणीच्या त्यांच्या इंग्रजी उच्चारांमुळे ते श्रोत्यांमध्ये विशेष लोकप्रिय झाले. १९४६ मध्ये सुरू झालेल्या ‘द नॅचरलिस्ट’ या नभोवाणी कार्यक्रमाची ओळखधून म्हणून त्यांनी मुद्रित केलेली कर्ल्यू या किनारपक्ष्याची साद वाजे. १९४८ मध्ये बीबीसीने त्यांचा संग्रह विकत घेतला.

या संग्रहाचे मोल चित्रपट व दूरचित्रवाणीच्या संकलनात विशेष जाणवते. दूरच्या पक्ष्याचे चित्र भिंगातून जवळ आणता येते, आवाज तसा आणता येत नाही. शिवाय त्या काळचे निसर्गचित्रण बहुधा मूक असे. त्यामुळे आवाज संग्रहातून घेऊन चित्राला जोडावा लागे. तेथे पक्ष्याची जात, प्रदेश व ऋतू जुळणे अगत्याचे असते. चुकीचा पक्षी बोलला तर जाणकार प्रेक्षकाला तो तत्काळ खटकतो.

१९५१ मध्ये सेवानिवृत्त झाल्यावरही, सत्तरी ओलांडलेल्या वयात, ते मुद्रणासाठी आइसलँडला गेले. १९५५ मध्ये त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले. १९६० मध्ये त्यांना एम.बी.ई. हा ब्रिटिश सन्मान मिळाला.