काटकसरीतून आलेले वास्तव

कलेतील वास्तववाद वैचारिक बंडातूनच जन्माला येतो, हा समज लुई फेयाद या फ्रेंच चित्रपट-दिग्दर्शकाचे जीवन पाहता टिकत नाही. १८७३ साली दक्षिण फ्रान्समधील ल्युनेल या गावी, मद्याचा व्यापार करणाऱ्या कुटुंबात त्याचा जन्म झाला. वृत्तीने तो सनातनी कॅथलिक. राजकीय ओढा राजेशाहीकडे. पॅरिसमध्ये पत्रकारिता करीत असतानाच तो गोमाँ कंपनीसाठी चित्रकथा लिहू लागला आणि १९०७ मध्ये आलिस गी हिच्या जागी कंपनीच्या चित्रनिर्मितीचा प्रमुख झाला.

त्या सुमारास ख्यातनाम नट आणि भरजरी पोशाख असलेल्या ऐतिहासिक चित्रपटांची चलती होती. १९११ मध्ये फेयादने ‘जीवन जसे आहे तसे’ ही चित्रमालिका सुरू केली. तीत रोजच्या कपड्यांतील माणसे होती आणि अभिनय संयत होता. सत्याचा पुकारा करणाऱ्या या मालिकेमागे खर्च आटोक्यात ठेवण्याचा हिशेबही होता, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु या हिशेबातून निपजले ते क्षुल्लक खास नव्हते.

त्याच वर्षीच्या ‘कलंक’ या चित्रपटाची नायिका पूर्वायुष्यात नृत्यगृहात वावरलेली आहे. पुढे ती रुग्णसेवेला वाहून घेते आणि स्वतःच्या निष्ठेने संस्थेच्या प्रमुखपदी पोचते. मग तिचा पूर्वेतिहास उघड होतो व तिला पदच्युत केले जाते. तिच्या कामात खोट नसते. आणि तिला घालवणारे दरोडेखोर नव्हेत, तर प्रतिष्ठित गृहस्थ असतात. सोवळ्या नीतीचे हे क्रौर्य एका सनातनी दिग्दर्शकाने दाखवावे, हे विशेष.

मालिका १९१३ मध्ये थांबली. ‘फाँतोमास’ आणि ‘ले व्हाँपीर’ या गुन्हेगारीपटांनी फेयादला अमाप लोकप्रियता दिली. दुसऱ्यावर पॅरिसच्या पोलिसांनी काही काळ बंदीही घातली. १९२५ मध्ये नीस येथे त्याचे निधन झाले.

आज त्याचे नाव निघते ते त्या गुन्हेगारीपटांसाठी. वस्तुतः पडद्यावरील चोराचा निषेध करणे प्रेक्षकाला सोपे जाते. ‘कलंक’ पाहताना मात्र आरोपीच्या पिंजऱ्यात त्याला स्वतःलाच उभे राहावे लागते. पोलिसांनी बंदी घातली ती पहिल्या प्रकारच्या चित्रपटावर. समाजाला विसर पडला तो दुसऱ्याचा.