गोल्डफिंगरच्या मुखवट्याआडचा नट

जेम्स बाँडच्या खलनायकांची नावे निघाली, की सोन्याने वेडावलेला, लालसर केसांचा तो स्थूल गोल्डफिंगर हमखास आठवतो. १९६४ च्या या चित्रपटात ती भूमिका करणारे जर्मन अभिनेते गेर्ट फ्रोबे यांचा आवाज मात्र मूळ इंग्रजी चित्रपटात जवळजवळ नाहीच. त्यांचे इंग्रजी यथातथाच असल्याने मायकेल कॉलिन्स या ब्रिटिश नटाचा आवाज वापरण्यात आला.

२५ फेब्रुवारी १९१३ रोजी सॅक्सनीतील झ्विकाऊजवळ जन्मलेले फ्रोबे तरुणपणी व्हायोलिन वाजवीत. पुढे ड्रेस्डेनमध्ये रंगभूमीचे पडदे रंगविताना एरिख पोंटो या ज्येष्ठ नटाकडे ते अभिनय शिकले. व्हिएन्नातील नाट्यगृहे १९४४ मध्ये बंद झाली आणि त्यांना सैन्यात जावे लागले.

युद्धानंतरचे त्यांचे रूप आज ओळखू येणार नाही. १९४८ च्या 'बर्लिनर बालाडे'मध्ये उद्ध्वस्त बर्लिनमध्ये परतलेला, हाडांचा सापळा झालेला सैनिक त्यांनी साकारला. ओटो नोर्मालफरब्राउखर हे त्या पात्राचे नाव जर्मन भाषेत सामान्य माणसासाठी रूढ झाले. एवढे होऊनही पुढची दहा वर्षे वाट्याला आल्या त्या बहुतांशी दुय्यम भूमिकाच. १९५८ मध्ये 'एस गेशाह आम हेलिख्टेन टाग'मध्ये त्यांनी लहान मुलींना चॉकलेटचे आमिष दाखवणारा, बायकोच्या धाकातला खुनी रंगविला. पडद्यावरचा वेळ थोडा, नायक हाइन्झ र्‍युमान. पण प्रेक्षक घाबरले ते फ्रोबे यांना. ही भूमिका पाहूनच बाँडच्या निर्मात्यांनी त्यांना निवडले, असे सांगितले जाते.

कीर्ती शिखरावर असतानाच भूतकाळ समोर उभा राहिला. फ्रोबे १९२९ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी, नाझी पक्षाचे सदस्य झाले होते. १९३७ मध्ये त्यांनी पक्ष सोडला. १९६५ मध्ये एका ब्रिटिश वृत्तपत्रातील मुलाखतीमुळे हे गाजले आणि इस्रायलने त्यांच्या चित्रपटांवर बंदी घातली. आपल्या बोलण्याचा विपर्यास झाला, सदस्य असूनही आपण दोन ज्यूंना मदत केली होती, असे त्यांचे म्हणणे होते. ते कोण मानणार? पण एक ज्यू गृहस्थ स्वतःहून पुढे आले. व्हिएन्नात फ्रोबे यांनी आपल्याला व आपल्या आईला लपवून वाचवले, अशी साक्ष त्यांनी दिली आणि बंदी उठली. सदस्यत्व खोटे नव्हते आणि ही मदतही खोटी नव्हती.

'इज पॅरिस बर्निंग?'मध्ये (१९६६) पॅरिस नष्ट करण्याचा हिटलरचा आदेश न पाळणारा जनरल फॉन कोल्टिट्झ त्यांनी उभा केला. १९६८ च्या 'चिटी चिटी बँग बँग'मध्ये ते पोरकट सरदार झाले, तर १९७४ मध्ये दरोडेखोर होट्झेनप्लोट्झ. एके काळी पडद्यावर मुलींचा जीव घेणारा हा नट आता पोरांना खदखदून हसवत होता!

रंगमंचावर एकट्याने ख्रिस्टियान मॉर्गनस्टर्न यांच्या कविता सादर करण्याचा त्यांचा छंद अखेरपर्यंत टिकला. ५ सप्टेंबर १९८८ रोजी म्युनिकमध्ये त्यांचे निधन झाले.