खराटा फक्त बाईच्याच हातात का?

मैत्रिणींनो, पिंपरी-चिंचवडपासून चाकणपर्यंत बैठ्या घरांच्या जागी इमारती आल्या. अंगण गेलं, तशी मनीसाठी बाल्कनीत वाळूचा ट्रे आला. तो साफ करायचं काम अर्थातच घरातल्या बाईकडे! सुनेला दिवस गेले, की मात्र मांजर लांब सोडून या, असा सल्ला मिळतो. बचत गटात असं काही कानावर आलं, की मला गाडगेबाबा आठवतात.

त्यांचं मूळ नाव डेबूजी झिंगराजी जानोरकर. जन्म २३ फेब्रुवारी १८७६चा, अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावी, परीट घरातला. वडील दारूपायी लवकर गेले. आई सखूबाई लेकराला घेऊन दापुऱ्याला माहेरी आली. तिथं डेबूनं गुरं राखली, शेती केली. शाळा काही नशिबी आली नाही. १८९२ साली कुंताबाईंशी लग्न झालं. लेकीच्या बारशाला भाऊबंदांना दारू-मटण हवं होतं. यांनी गोडाचं जेवण वाढलं. १ फेब्रुवारी १९०५ला घर सोडलं ते कायमचंच.

अंगावर चिंध्या, डोक्यावर गाडग्याचं खापर आणि हातात खराटा. गावात शिरले, की आधी रस्ते आणि गटारं साफ करायचे, मग रात्री कीर्तन. नवसापायी कोंबडं-बकरं कापू नका, असं ते कळवळून सांगत. पंढरपूर, नाशिक आणि आपल्या शेजारच्या देहू-आळंदीला त्यांनी धर्मशाळा उभारल्या, गाई-गुरांसाठी गोरक्षणं काढली. २० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीजवळ वलगावला त्यांनी देह ठेवला.

मुक्या जिवांवर माया करणारा हा पुरुष दुसऱ्याची घाण स्वतःच्या हातानं काढत होता. मग घरातल्या मनीचा ट्रे साफ करायला घरच्या पुरुषांना कसली लाज?

गरोदरपणी काळजी हवी, हे खरं. मांजराच्या विष्ठेत टोक्सोप्लाझ्माचे जंतू असू शकतात आणि त्यांचा पोटातल्या बाळाला धोका असतो. पण विष्ठा पडल्यापासून ते लागण करण्याजोगे व्हायला एक ते पाच दिवस जातात. म्हणून ट्रे रोजच्या रोज साफ करायचा. शी कागदात गुंडाळून कचऱ्यात टाकायची, संडासात किंवा मोरीत नाही. आठवड्यातून एकदा सगळी वाळू बदलून ट्रे गरम पाण्यानं धुवायचा. ट्रे स्वयंपाकघरापासून लांब ठेवायचा. मनीला कच्चं मटण घालायचं नाही. हे काम नऊ महिने नवऱ्यानं नाहीतर सासऱ्यांनी करावं. करायला दुसरं कोणीच नसेल, तर हातमोजे घालावेत आणि नंतर हात साबणानं स्वच्छ धुवावेत. मनात शंका असेल तर डॉक्टरांना विचारावं.

एवढं केलं, तर मनीला पोत्यात घालून कुठं सोडायची वेळ येणार नाही. बाळंतपणानंतरही ट्रे त्यांच्याकडेच राहिला, तर आणखी चांगलं!