पक्षीमित्र डॉ. सालिम अली

खांदेश्वरहून पनवेलमार्गे पुढे गेले की कर्नाळ्याचे पक्षी अभयारण्य लागते. रानातले पक्षी कसे पाहावेत, हे आपल्या देशाला शिकवले डॉ. सालिम अली यांनी.

त्यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८९६ रोजी मुंबईत झाला. आईवडील लवकर वारले. मामा अमीरुद्दीन तय्यबजी यांनी त्यांना वाढवले. एकदा सालिमने छऱ्याच्या बंदुकीने एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा ठिपका होता. ही कोणती चिमणी? मामांनी त्याला बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत पाठवले. तेथील मिलार्डसाहेबांनी पक्षी ओळखला आणि पेंढा भरलेले अनेक पक्षी दाखवले. त्या कार्यालयात तेव्हा एक जिवंत धनेशही होता. धनेशाची मादी झाडाच्या ढोलीत स्वतःला कोंडून घेते व नर तिला बाहेरून फळे भरवतो. सालिमला पक्ष्यांचा छंद लागला.

१९३० साली जर्मनीहून शिकून ते परतले, तर नोकरी उरली नव्हती. पत्नी तहमीना यांच्यासह ते किहीमला राहिले. तेथे त्यांनी सुगरण पक्ष्याचा अभ्यास केला. नर अर्धे घरटे विणतो. मादीला ते पसंत पडले तरच पुरे करतो.

केरळातील सायलेंट व्हॅलीत धरण होणार होते. ते जंगल वाचावे म्हणून त्यांनी उतारवयातही प्रयत्न केले. १९८४ साली ते राष्ट्रीय उद्यान झाले. १९७६ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळाले. २० जून १९८७ रोजी त्यांचे निधन झाले.

मुलांनो, जंगल टिकले तरच पक्षी टिकतील.