देवाविना नीती : गोपाळ गणेश आगरकर

कऱ्हाडजवळच्या टेंभू गावी १८५६ साली जन्मलेल्या आगरकरांचे विद्यार्थिजीवन कमालीच्या दारिद्र्यात गेले. वसतिगृहात वाढलेल्या आम्हां माजी विद्यार्थ्यांना ते निराळे सांगावे लागत नाही. एम. ए. होताना त्यांनी आईस कळविले, की मोठ्या पगाराची आशा धरू नये. अन् शिक्षकाचा अल्प वेतनाचा पेशा पत्करला.

ईश्वराचे स्वरूप मानवी बुद्धीस अज्ञेय आहे, असे ते मानीत. मग माणसाने सदाचरण का करावे? पारलौकिक फळासाठी नव्हे, तर त्याने माणसांचे सुख वाढते व दुःख घटते म्हणून, हे त्यांचे उत्तर होते. १८८८ मध्ये काढलेल्या 'सुधारका'त बालविवाह आणि विधवांचे केशवपन यांवर त्यांनी याच कसोटीने प्रहार केले. त्यांची दृष्टी बहुधा पांढरपेशा घरांवरच खिळली, ही उणीव आम्हांस जाणवते. तरी त्या घरांनीही त्यांना सोडले नाही. सनातन्यांनी त्यांची जिवंतपणी प्रेतयात्रा काढली.

दम्याने जर्जर झालेले आगरकर फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य असतानाच १७ जून १८९५ रोजी निवर्तले. वयाची एकोणचाळीस वर्षेही पुरी झाली नव्हती. अंत्यविधीपुरते पैसे त्यांनी आधीच पुडीत बांधून ठेवले होते, असे सांगतात.